खेळातला आवाज

तो गेम मी करायला घेतला तेव्हा जून संपत आला होता. वाडीतल्या सगळ्या होड्या किनाऱ्यावर ओढून, ताडपत्री घालून ठेवलेल्या होत्या. मासेमारी बंद असल्यामुळे पुरुषमाणसं घरी होती. माझं काम मात्र बाराही महिने घरातूनच चालतं. रत्नागिरीतल्या छोट्या दुकानांच्या, किनाऱ्यावरच्या घरगुती लॉजच्या वेबसाइट मी बनवते. खोल्यांचे फोटो, जेवणाचा मेनू, ‘आमच्याविषयी’. दहा वर्षं तेच करत होते. लोक त्या उघडतात, फोन नंबर शोधतात आणि बंद करतात. आपण केलेल्या गोष्टीवर कुणी दोन मिनिटं रेंगाळलं, असं मला कधी अनुभवायला मिळालं नव्हतं.

मी ज्या सोशल मीडियावर असायचे, तिथं त्याच सुमारास एक नवी सोय आली. गेम वेगळा डाउनलोड करावा लागत नाही, पोस्टवर बोट ठेवलं की ती पोस्टच गेम होते. आत सगळं ब्राउझरचंच तंत्र. म्हणजे मला येत होतं तेवढ्यात भागणारं. मी नवऱ्याला म्हटलं, “मी एक गेम करून बघते.” तो जयगडच्या बंदरात शिफ्टवर काम करतो. डबा भरता भरता म्हणाला, “कर की. कशाचा?”

कशाचा, ते शोधायला लांब जावं लागलं नाही. आमच्या खाडीचं तोंड अरुंद आहे. एका अंगाला खडक आणि दुसऱ्या अंगाला वाळूचा उंचवटा, जो दर पावसाळ्यात आपली जागा बदलतो. मासळीने भरलेली होडी लाटांचा अंदाज घेत या दोहोंमधून आत आणायची, हे आमच्या वाडीतलं सगळ्यात अवघड काम. माझे सासरे, मामंजी, तीस वर्षं तांडेल होते. तांडेल म्हणजे होडीचा मुख्य, सुकाणू त्याच्या हातात. मोतीबिंदू वाढला तसे ते घरी बसले आणि होडी त्यांनी आपल्या जुन्या खलाशाच्या हाती दिली. हे खलाशी आमचे शेजारी. नात्याने कोणी नाहीत, पण मी लग्न होऊन आले तेव्हापासून त्यांना भावोजी म्हणायचे आणि त्यांच्या बायकोला वहिनी. आमच्या दोन घरांमध्ये एक चिऱ्यांचा गडगा आहे, कमरेएवढा. त्यावरून वाट्या इकडून तिकडे जातात.

दुपारची जेवणं आटोपली की मी पडवीत लॅपटॉप घेऊन बसायची. मामंजी बाजूच्या बाकावर. मी विचारायची आणि ते सांगायचे. लाट पाठीमागून आली की होडी तिरकी होते, तेव्हा सुकाणू कुठे वळवायचं. तीन मोठ्या लाटांनंतर पाणी जरा निवांत होतं, ते कसं ओळखायचं. ते सगळं मी आकड्यांत उतरवत होते. त्यांची एकच तक्रार होती.

“ह्यात बाहेर थांबायचं कुठाय गो?”

“म्हणजे?”

“उधाण असलं तर बाहेर थांबतात. नांगर टाकायचा, विडी ओढायची. तास, दोन तास. तीच खरी अक्कल.”

“मामंजी, तास-दोन तास थांबायला लावलं तर खेळणार कोण? लोकांना दहा सेकंद दम निघत नाही.”

ते हसले नाहीत. “मग तसं कर,” एवढंच म्हणाले.

त्यांना स्क्रीन नीट दिसत नसे, म्हणून खेळून बघायचं काम भावोजींकडे आलं. ते पावसात गोणपाट डोक्यावर घेऊन यायचे, पाय धुवायचे आणि फोन हातात घ्यायचे. त्यांचा अंगठा एवढा रुंद की डावं आणि उजवं अशी दोन्ही बटणं एकदम दाबली जायची. त्यांच्यासाठी मी बटणं दुप्पट मोठी केली. गेमचं नावही त्यांनीच दिलं, ‘आत घे’. होडी तोंडाशी आली की पुढे उभा असलेला माणूस असंच ओरडतो.

एकदा त्यांची होडी शेवटच्या वळणावर उलटली. त्यांनी मांडीवर थाप मारली आणि खदखदून हसत ओरडले, “गेली गो गेली! तुझी होडी गेली!”

मला ते इतकं आवडलं की मी म्हटलं, “भावोजी, परत म्हणा. मी रेकॉर्ड करते.”

मुद्दाम म्हणायचं म्हटल्यावर ते लाजले. पहिल्यांदा पुटपुटले, दुसऱ्यांदा मधेच हसू आलं. तिसऱ्या वेळी उभे राहिले आणि एवढ्या जोरात ओरडले की वहिनी हातातलं पीठ तसंच घेऊन गडग्यापाशी आल्या.

“काय झालं? काय गेलं?”

“काय नाय गो. मी सिनेमात चाललोय.”

काय चाललंय ते कळल्यावर वहिनींचा चेहरा उतरला. “समुद्रावर जाणाऱ्या माणसानं असलं बोलू नये,” त्या म्हणाल्या. मी ते ऐकलं. ऐकलं आणि फाईलला ‘गेली-३’ असं नाव देऊन गेममध्ये टाकली. होडी उलटली की तो आवाज.

गेम तपासणीला पाठवला, तो चार दिवसांनी परत आला. लहान फोनवर खालची बटणं झाकली जातात, असं कारण होतं. दुरुस्त करून पुन्हा पाठवला. जुलैच्या शेवटी एका सकाळी तो सगळ्यांसाठी खुला झाला. पहिल्या दिवशी सतरा वेळा खेळला गेला आणि त्यातल्या अकरा वेळा खेळणारी मीच होते.

दोन आठवडे असेच गेले. मग कोकणातल्या गमतीजमती टाकणाऱ्या एका पानाने आमची होडी उलटतानाचा तुकडा टाकला, भावोजींच्या आवाजासकट. संध्याकाळी आकडा शंभरावर, दुसऱ्या दिवशी हजारांत. गेमपेक्षा तो आवाजच लोकांनी उचलला. कुणाची परीक्षा बुडाली, कुणाची एसटी चुकली, कुणाचा कप फुटला, प्रत्येक व्हिडिओखाली तेच, “गेली गो गेली!” तो आवाज वापरून नवे व्हिडिओ करता येत होते आणि लोक करत होते.

भावोजी खूश. नारळी पौर्णिमेनंतर होड्या पाण्यात गेल्या होत्या. ते मिरकरवाड्याच्या बंदरात मासळी घेऊन जायचे, तिथे लोक त्यांना ओळखायला लागले होते. “मला तिथं ‘गेली’ म्हणून हाक मारतात,” ते मामंजींना सांगत. “बर्फवाला म्हणतो, एकदा म्हणून दाखवा, मग बर्फ देतो.” आणि मीही खूश होते, हे लिहिलंच पाहिजे. सकाळी उठल्या उठल्या मी फोनवर आकडे बघायची. चहा उतू जायचा.

भावोजींची होडी उलटली ती दुपारी, दिवसाढवळ्या. वारा होता, पण असा वारा भाद्रपदात असतोच. होडीवर तिघं होते. मी स्वयंपाकघरात होते आणि खिडकीतून खाडीचं तोंड दिसतं, पण मी तिकडे बघत नव्हते. बाहेर माणसं धावताना दिसली म्हणून मी पडवीत आले. मामंजी आधीच उभे होते, काठीशिवाय. त्यांना समोरचं दिसत नव्हतं. ते मला पुन्हा पुन्हा विचारत होते, “पालथी दिसते काय? कोण दिसतं? सांग ना, कोण दिसतं?” मला उलटलेल्या होडीचा तळ दिसत होता, आणि खडकाकडे पोहत जाणारी दोन डोकी. मी म्हटलं, “दोघं.” ते खाली बसले.

भावोजी दुसऱ्या दिवशी पहाटे पुळणीच्या वाळूवर सापडले, वाडीपासून लांब.

बातमी ऑनलाइन आली आणि त्याच बातमीखाली कुणीतरी तो आवाज जोडला. कुणीतरी म्हणजे कुणी अनोळखी. ज्याची होडी उलटली तो आणि आवाजातला माणूस एकच, हे त्याला माहीत असायचं कारण नव्हतं. एकाने लिहिलं होतं, “आधी ‘आत घे’ खेळायला हवा होता.” त्यावर हसणाऱ्या चेहऱ्यांची रांग.

आता जे सांगायचं ते मी फार कमी लोकांना सांगितलं आहे. मी गेम लगेच काढला नाही. दोन दिवस काढला नाही. वहिनींच्या घरी माणसं येत होती, मी इकडे चहाची पातेली चढवत होते, तिकडे कप पोचवत होते. मनाला सांगत होते की लॅपटॉप उघडायला सवड कुठे आहे. पण फोन उघडायला सवड होती. कप विसळून झाले की मी ओल्या हातांनी आकडा बघत होते. त्या दोन दिवसांत ‘आत घे’ आधी कधी नव्हता एवढा खेळला गेला. मला ते बघवत नव्हतं आणि मी बघत होते. गेम काढणं म्हणजे एक बटण आणि त्यानंतर ‘नक्की?’ असा एक प्रश्न, एवढंच काम. त्याला अर्धं मिनिटही लागत नाही.

तिसऱ्या दिवशी दुपारी वहिनींच्या ओटीवर बायका बसल्या होत्या. त्यांची मुलगी भिंतीला टेकून होती. बाहेर खळ्यात, म्हणजे अंगणात, खुर्च्यांवर पुरुष होते. त्यांपैकी एका पाहुण्याने कुणी पाठवलेला व्हिडिओ उघडला असणार. फोनचा आवाज मोठा होता.

“गेली गो गेली! तुझी होडी गेली!”

वहिनींनी मान उचलून दाराकडे पाहिलं. फक्त एक क्षण. त्यांच्या चेहऱ्यावर त्या क्षणात जे आलं आणि गेलं, त्याचं वर्णन मी करणार नाही. बाहेर घाईघाईने फोन बंद झाला. कुणीतरी त्या माणसाला काहीतरी बोललं. मुलगी उठून आत गेली.

मी गडगा ओलांडून घरी आले आणि उभ्या उभ्या गेम काढून टाकला.

मला वाटलं होतं, गेम काढला की आवाजही जाईल. तसं होत नाही. गेम माझा होता, तो गेला. आवाज लोकांच्या व्हिडिओंत होता, हजारो व्हिडिओंत, आणि त्यातला प्रत्येक व्हिडिओ दुसऱ्या कुणाचा तरी. मी तक्रारीचा फॉर्म उघडला. आपली तक्रार कशाबद्दल आहे? द्वेष, फसवणूक, नग्नता, हिंसा, दुसऱ्याच्या कलाकृतीची चोरी. मेलेल्या माणसाचा हसता आवाज, असा पर्याय नव्हता. मी ‘चोरी’ निवडलं. पुढचा प्रश्न आला, या ध्वनीचे मालक आपण आहात का? मी बराच वेळ त्या प्रश्नाकडे बघत राहिले. मग ‘होय’ केलं. आठवड्याने उत्तर आलं की मूळ पोस्ट आपणच खुल्या वापरासाठी प्रसिद्ध केली होती, त्यामुळे नियमांचा भंग झालेला नाही. मी पुन्हा लिहिलं, सगळं खरं लिहिलं. तेच उत्तर आलं, शब्दाचाही फरक नाही. त्याच सुमारास त्यांच्या दुसऱ्या विभागाकडून अभिनंदनाचं पत्रही आलं. आपल्या गेमला मिळालेल्या प्रतिसादाबद्दल अभिनंदन, सध्या तो दिसत नाही, पुन्हा सुरू करण्यासाठी काही मदत हवी आहे का?

मग मी एकेकाला लिहायला सुरुवात केली. ‘तुम्ही वापरलेला आवाज आमच्या शेजाऱ्यांचा आहे, ते वारले, कृपया काढा.’ काहींनी काढला, माफीही मागितली. काहींनी उत्तर दिलं नाही. एकाने विचारलं, ‘पुरावा?’

घरात मामंजी माझ्याशी बोलत नव्हते. रागाने नव्हे, ते कुणाशीच बोलत नव्हते. एका दुपारी मी त्यांच्यासमोर पेजेची वाटी ठेवली आणि जे आत खदखदत होतं ते विचारून टाकलं.

“मामंजी, त्या गेममुळे भावोजींना सोपं वाटलं असेल का? रोज खेळायचे. म्हणून थांबले नाहीत का ते?”

त्यांनी मान वर केली. “पंचवीस वर्षं तो माझ्या पायाशी शिकला. त्याला तुझा मोबाईल काय शिकवणार? वाळू सरकली. त्याच्या जागी मी असतो तरी आतच घेतली असती.” मग म्हणाले, “तू उगाच स्वतःला एवढी मोठी समजू नको.”

ते वाक्य लागलं. आणि खरं सांगायचं तर त्यानेच मला थोडं मोकळं केलं.

पण आकड्यांची गोष्ट राहिली होती, आणि ती मामंजींशी बोलून सुटणारी नव्हती. महिनाभराने वहिनी सुकट निवडत बसल्या होत्या. मी जाऊन समोर बसले. त्यांच्याबरोबर निवडायला लागले आणि खाली बघूनच सांगितलं की मी दोन दिवस गेम चालू ठेवला होता, आकडा वाढत होता म्हणून.

त्यांचे हात थांबले नाहीत. निवडता निवडताच म्हणाल्या, “मला कळलं होतं. माझ्या पोरीनं सांगितलं, अजून चालूच हाय म्हणून.”

“वहिनी...”

“मी वाट बघत होते. दोन दिवस. आज काढेल, उद्या काढेल.” मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं. “तुझ्या तोंडून ऐकायचं होतं. ऐकलं.”

माफ केलं, असं त्या म्हणाल्या नाहीत, आणि मीही विचारलं नाही. उठताना मी म्हटलं, “तो आवाज तुम्हाला हवा असेल तर माझ्याकडे आहे. पहिला, दुसरा, तिन्ही.” मला वाटलं होतं, त्यांना तो जपून ठेवावासा वाटेल.

“नको,” त्या म्हणाल्या. “ते खोटं ओरडणं. घरात कधी आवाज चढवला नाय त्यांनी. आणि त्या दिवशी पण ओरडले नसतील. जे वाचले ते सांगतात, ओरडायला वेळच नव्हता.”

मी तिन्ही फाईल पुसल्या. माझ्या फोनवरून, लॅपटॉपवरून.

पुढच्या वर्षी त्यांच्या मुलीला खेडला नर्सिंगला प्रवेश मिळाला. ऑनलाइन फॉर्म मी भरून दिला होता, म्हणून तिला पोचवायला वहिनींनी मलाही बरोबर नेलं. तिचं सामान हॉस्टेलवर लावून आम्ही दोघी खेड स्टेशनवर परतीच्या गाडीची वाट बघत बसलो. गाडी उशिरा होती. वहिनींनी पिशवीतून भाकरी काढली, अर्धी मला दिली.

आमच्या बाकाच्या टोकाला एक गृहस्थ बसले होते, पन्नाशीचे, इस्त्रीच्या शर्टातले. फोनवर एकामागून एक व्हिडिओ सरकवत होते. आणि तो आला. “गेली गो गेली!” कुणाच्या तरी हातातून नारळ विहिरीत पडला होता.

मी उठणार, तेवढ्यात वहिनींनी माझ्या गुडघ्यावर हात ठेवला आणि स्वतः उठल्या. पदर सारखा करून त्या गृहस्थांपुढे उभ्या राहिल्या.

“दादा, हे ओरडतायत ना, ते माझे मालक.”

त्यांनी फोन खाली केला. “कोण?”

“हा आवाज. माझ्या मालकांचा हाय. वारले ते. होडीवर होते.”

गृहस्थ माझ्याकडे बघू लागले, ही बाई बरी आहे ना, असं विचारल्यासारखे. मी ‘खरं आहे’ अशी मान हलवली. ते गोंधळले. “असं का? मला... हे तर सगळीकडे असतं हो, ताई. मला काय माहीत?”

“तुम्हाला माहीत नाय, म्हणून सांगितलं,” वहिनी म्हणाल्या.

त्यांनी फोन खिशात घातला. मग अवघडून उठले आणि प्लॅटफॉर्मच्या दुसऱ्या टोकाला जाऊन उभे राहिले. वहिनी परत येऊन बसल्या. भाकरी त्यांनी मांडीवर ठेवली.

“प्रत्येकाला सांगणार काय तुम्ही?” मी विचारलं.

“दिसेल त्याला सांगेन,” त्या म्हणाल्या. “तू लिहितेस ना अजून लोकांना?”

“लिहिते.”

लिहिते, हे खरंच आहे. आता आठवड्यातून एखादं पत्र. आवाज जुना झाला, लोकांनी नवे उचलले, म्हणून तो कमी ऐकू येतो. आम्ही काढायला लावला म्हणून नव्हे.

गाडीची घोषणा झाली. वहिनींनी उरलेली भाकरी फडक्यात बांधली आणि विचारलं, पोरीच्या खोलीतल्या खिडकीला कडी होती की नाही, मी पाहिलं का? मी पाहिलं नव्हतं. गाडीत बसल्यावर आम्ही मुलीला फोन लावला. तिने उठून खिडकीपर्यंत जाऊन बघितलं आणि सांगितलं, आहे, पण घट्ट बसत नाही.

“दोरी बांध सध्या,” वहिनी म्हणाल्या. “पुढच्या वेळी येताना मी खिळा आणते.”